बोळा काढेपर्यंत

दातांच्या डॉक्टरांना एक सवय असते, आणि ती इतक्या जणांना असते की तिला खोड म्हणायला जीभ कचरते. समोरच्याच्या तोंडात आरसा, नळी आणि कापूस असं सगळं एकदम कोंबून झालं की मगच ते आपुलकीनं विचारतात, "काय, कसं काय चाललंय?" समोरचा बिचारा "आं" म्हणतो. त्या "आं"चा अर्थ ज्याचा त्यानं लावायचा.

या गोष्टीतले डॉक्टर त्याच्याही पुढे गेलेले होते. पेशंटचे हाल नकोत म्हणून ते प्रश्नही विचारायचे आणि उत्तरही आपणच देऊन टाकायचे. मुलगी काय म्हणते, आली का सुट्टीला? आली असणार, परीक्षा संपली ना. लग्नाचं बघताय का तिच्या? नका बघू इतक्यात, शिकू दे. एका दाढेत सिमेंट भरून होईपर्यंत त्या मुलीचं शिक्षण पुरं होऊन ती चांगल्या नोकरीला लागलेली असायची. पेशंटांना याचं काही वाटत नसे. त्या खुर्चीत बसलेल्या घाबरट माणसाला कुणाचा तरी आवाज हवा असतो, आणि आपल्याला बोलावं लागू नये असंही वाटत असतं. डॉक्टरांकडे दोन्ही सोयी एका जागी होत्या. हात हलका, जीभ चालू. त्यामुळे दवाखाना चांगला चालला होता, आणि आपण मोठे माणसांत मिसळणारे, गप्पिष्ट गृहस्थ आहोत अशी डॉक्टरांची समजूत होऊन बसली होती. ती अगदीच खोटी होती असं तरी कसं म्हणावं?

पंचाईत एवढीच की संध्याकाळी दवाखाना बंद करून, हात साबणानं स्वच्छ धुऊन ते जिना चढून वरच्या मजल्यावरच्या घरात जायचे तेव्हा हात धुतले जायचे, सवय धुतली जायची नाही.

वर ती असायची. तिचा धंदा फ्रेमांचा. लोकांचे फोटो, पदव्या, मुलांनी काढलेली चित्रं, सगळ्यांना ती चौकटी करून द्यायची. काच कापण्यात तिचा हात असा बसलेला की कापताना फक्त एक बारीक किर्र आवाज यायचा आणि तुकडा अलगद बाजूला व्हायचा. दोघं आठ वर्षं एकत्र राहिली. लग्न करायचं राहून गेलं होतं, पण लोकांना त्याचं सोयरसुतक नव्हतं. पेशंट तिला वहिनीच म्हणायचे.

तर ही वहिनी एक दिवस निघून गेली. भांडण झालं नाही. भांडणाला दोन माणसं लागतात आणि त्या घरात बोलणारं माणूस एकच होतं. तिनं आपली हत्यारं आधीच तिच्या फ्रेमांच्या दुकानामागच्या खोलीत नेली होती. दोन पिशव्या घेऊन दारात उभी राहिली आणि म्हणाली, "तुला बोलायला मी लागत नाही रे. समोर कुणी बसलेलं असलं की तुझं भागतं."

डॉक्टर लगेच म्हणाले, असं काही नाही, तू दमली आहेस, रात्री झोप लागली नसेल, हो ना, हो, झोपच झालेली नाही. तिनं त्यांच्याकडे पाहिलं आणि ती जिना उतरून गेली. ती खालच्या चपलांच्या दुकानापाशी पोचेपर्यंत डॉक्टर वरून तिच्या झोपेवर उपाय सांगत होते.

ताईच्या मुलीनं याला ब्रेकअप असं नाव दिलं. ताईला ते पटलं नाही. ब्रेकअप पोरासोरांचा होतो, ती म्हणाली, या वयात झाला की त्याला पोरकं होणं म्हणतात.

ताई म्हणजे डॉक्टरांची थोरली बहीण. नोकरीतून निवृत्त झाल्यापासून ती दवाखान्याच्या बाहेरच्या खोलीत टेबलामागे बसायची. पेशंटांना नंबरानं आत सोडायचं, फोन घ्यायचा आणि मधल्या वेळात विणायचं, ही तिची कामं. भावाची पन्नाशी उलटून गेली होती, डोक्यावर चंद्र उगवला होता, तरी ती त्यांना भर दवाखान्यात बाळ्या म्हणून हाक मारायची. ज्याच्या हातात सुई आणि चिमटा आहे त्याला बाळ्या म्हटल्यावर पेशंटांचं धाबं दणाणायचं, पण तिची सवय सुटली नाही. सवयीच्या बाबतीत ते घराणंच चिवट होतं.

पहिले काही आठवडे डॉक्टर बरे दिसले. मग ताईच्या लक्षात आलं की बाहेरच्या बाकावर ज्यांचं काहीच दुखत नाही अशी माणसं बसायला लागली आहेत. ज्यांना सहा महिन्यांनी या म्हणायचं त्यांना डॉक्टर पुढच्या आठवड्यात या म्हणत होते. स्वच्छ दात पुन्हा स्वच्छ होत होते. एका कवळीवाल्या आजोबांना, ज्यांच्या तोंडात स्वतःचा म्हणावा असा एकही दात उरलेला नव्हता, त्यांनाही दात किडू नयेत म्हणून काय करावं हे अर्धा तास सांगून झालं होतं. आजोबा कवळी हातात घेऊन ऐकत बसले होते. बाहेर आल्यावर ते ताईला म्हणाले, माणूस फार चांगला आहे, फक्त त्याला घरी पाठवत जा.

पण घरी जायचं म्हणजेच तर त्यांच्या जिवावर यायचं. वरच्या त्या दोन खोल्यांत आता बोललेला शब्द भिंतीवर आपटून जसाच्या तसा परत यायचा. डॉक्टर टूथपेस्टच्या खोक्यावरचा मजकूर मोठ्यानं वाचायचे. काहीतरी विकणाऱ्यांचे फोन येतात ना, जे आपण तोंडातल्या तोंडात पुटपुटत बंद करतो, त्यांची ते वाट बघायचे. एका मुलीला त्यांनी तिचं गाव, जेवणाची वेळ, खुर्चीत बसून पाठ दुखते का, दुखतच असणार, असं इतकं विचारलं की शेवटी तिनंच, सर, दुसऱ्या लाइनवर फोन आहे, म्हणून सुटका करून घेतली. विकणाऱ्यानंच फोन ठेवावा अशी वेळ फार थोड्यांवर येत असेल.

मग ताईनं मनावर घेतलं. तिच्या ओळखीच्या एक बँकेतल्या बाई होत्या. एकट्या राहणाऱ्या, हसऱ्या, दात सगळे शाबूत. त्यांना तिनं आपल्या घरी चहाला बोलावलं आणि बाळ्यालाही बोलावलं. भावोजी, म्हणजे ताईचे यजमान, कोपऱ्यात शब्दकोडं घेऊन बसले होते. पुढे जे झालं त्याचे ते साक्षीदार. डॉक्टरांनी बाईंना वाचनाची आवड आहे का विचारलं आणि असणारच म्हणाले. फिरायला जाता का विचारलं, आणि कामाच्या रगाड्यात वेळ कुठून मिळणार म्हणून हळहळले. एकटं वाटतं का, हेही विचारलं. वाटतं, पण सवय होते, असं त्यांच्या वतीनं सांगूनही टाकलं. दोन तासांत बाईंच्या तोंडून, साखर कमी, एवढे दोन शब्द बाहेर पडले. तेही चहा करण्याआधी.

दुसऱ्या दिवशी ताईनं त्यांना फोन केला. बाई अगदी मनापासून म्हणाल्या, छान आहेत तुमचे भाऊ. दोघंही छान आहेत, विचारणारेही आणि उत्तर देणारेही. त्यांचं चांगलं चाललंय, मी मध्ये कशाला येऊ?

हे ताईनं काही न वगळता भावाला सांगितलं. आपलेच दात आणि आपलेच ओठ असले तरी कधीतरी चावा बसतोच. डॉक्टर बराच वेळ हातमोजे घालत आणि काढत राहिले. मग म्हणाले, ती जाताना असंच काहीतरी म्हणाली होती.

ताईनं सुया खाली ठेवल्या. भावाची थट्टा करणं वेगळं आणि भावाचा चेहरा असा झालेला बघणं वेगळं. तिनं उपाय काढला तो अगदी घरगुती. प्रश्न विचारलास की पाण्याचा घोट घे, म्हणाली, आणि समोरच्याचं बोलून होईपर्यंत गिळू नकोस.

पहिला प्रयोग भावोजींवर झाला. डॉक्टरांनी त्यांना गुडघा कसा आहे म्हणून विचारलं आणि तोंडात पाणी धरलं. भावोजी स्वभावानं सावकाश. घरात त्यांना असा प्रश्न विचारून कुणी थांबल्याचं त्यांच्या आठवणीत नव्हतं, त्यामुळे सुरुवातीला ते थोडे गडबडले. मग त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला आणि सांगायला लागले. डॉक्टरांचे गाल फुगले होते, डोळ्यांत पाणी आलं होतं. भावोजी सांगत होते की गुडघा केव्हाच बरा झाला, दुखते ती कंबर, आणि हे ते कधीपासून सांगायचं म्हणत होते. डॉक्टर दर आठवड्याला ज्या गुडघ्याची चौकशी करून त्याला शेक सांगत आले होते, तो गुडघा ठणठणीत होता.

बेसिनपाशी जाऊन पाणी थुंकून आल्यावर डॉक्टर बोटांवर काहीतरी मोजायला लागले. आणखी किती जणांच्या गुडघ्यांची उत्तरं आपण कंबरेला न विचारता दिली असतील, याचा हिशेब बहुधा चालला असावा.

दवाखान्यात तोंडात पाणी धरून काम करणं शक्य नव्हतं, म्हणून तिथे त्यांनी नुसतं गप्प राहायचं ठरवलं. याचा परिणाम भलताच झाला. इतकी वर्षं अखंड बोलणारा डॉक्टर तुमच्या तोंडात वाकून बघतो आणि एकाएकी गप्प होतो, तेव्हा माणसाच्या मनात काय येईल? खालचे चपलांच्या दुकानाचे मालक असेच खुर्चीत होते. डॉक्टरांनी आरसा आत घातला, दिवा जवळ ओढला आणि चकार शब्द काढला नाही. मालकांच्या कपाळावर घाम आला. आरसा बाहेर येताच ते म्हणाले, "डॉक्टर, जे काय असेल ते स्पष्ट सांगा. घरच्यांना मी समजावतो." त्यांच्या दातावर चहाचा डाग होता, बाकी काही नव्हतं. दोन दिवस ही अशी घबराट चालली, तेव्हा ताईनं बाकावरच्या लोकांना सांगायला सुरुवात केली की डॉक्टर गप्प असले तर भिऊ नका, ते सुधारत आहेत.

सुधारणा झाली, पण सुख काही झालं नाही. पूर्वी डॉक्टर एकटे होते, तरी त्यांना स्वतःची सोबत होती. आता तीही गेली. संध्याकाळी वर जायचं, एखादा प्रश्न तोंडाशी यायचा, आणि तो विचारायला समोर कुणी नाही म्हणून तिथेच विरायचा. एकदा दवाखाना बंद करता करता ते ताईला म्हणाले की मला वर जावंसं वाटत नाही. ताईला या वेळी थट्टा सुचली नाही. तिकडे जाऊन ये, एवढंच म्हणाली.

तिकडे म्हणजे फ्रेमांच्या दुकानाकडे. दोन रस्ते ओलांडले की आलंच. डॉक्टर खरंच निघाले. पण चालता चालता त्यांच्या डोक्यात बोलणं सुरू झालं. मी आत गेलो की ती म्हणेल, कशाला आलास? मी म्हणेन, सहज. ती म्हणेल, सहज म्हणून इतक्या दिवसांनी? मी म्हणेन, चुकलं माझं. ती म्हणेल, आता काय उपयोग? कोपऱ्यावर पोचेपर्यंत तिनं साफ नकार दिलेला होता. डॉक्टर खिन्न होऊन परत आले. असे ते पुन्हाही एकदा गेले आणि तिनं पुन्हाही नकार दिला. ती बिचारी आत काच कापत होती. आपण कुणाला नाही म्हणतोय याचा तिला पत्ता नव्हता.

आणि मग एका सकाळी तीच दवाखान्यात आली.

तिची खालची अक्कलदाढ आडवी आली होती. गाल सुजला होता तेव्हा तिनं दुसऱ्या एका डॉक्टरकडून औषध घेतलं, सूज उतरली, पण दाढ काढायला मात्र ती तिथे गेली नाही. दाताला राग-रुसवा कळत नाही, तिनं ताईला सांगितलं, आणि हात याचाच हलका आहे. ताईनं तिला बाकावर बसू दिलं नाही. आधी नंबर लावलेल्या दोघांकडे तिनं असं काही बघितलं की ते आपण होऊन म्हणाले, आमचं तसं काही घाईचं नाही. आत जाऊन तिनं भावाच्या कानात सांगितलं, अक्कलदाढ तिची काढायची आहे, पण अक्कल तुला आली तर बघ.

ती खुर्चीत बसली. केस तिनं कापले होते. उजव्या अंगठ्याला पट्टी होती. डॉक्टरांनी दोन्ही पाहिलं आणि दोन्हींबद्दल काही विचारलं नाही. त्यांनी भुलीचं इंजेक्शन दिलं, ओठ जड झाला का विचारलं आणि थांबले. तिनं मान हलवली. एवढ्याशा उत्तरासाठी ते थांबले, याचं तिला नवल वाटलं असावं, कारण तिनं डोळे बारीक करून त्यांच्याकडे बघितलं.

दाढ हट्टी होती. डॉक्टरांनी तिला तुकड्या-तुकड्यानं काढली, सगळा वेळ तोंडातून शब्द न काढता. तिचे डोळे आता भीतीनं मोठे झाले होते. दवाखान्यातल्या नव्या शांततेची तिला सवय नव्हती, आणि हा गप्प आहे म्हणजे जबडाच गेला अशी तिची खात्री होत चालली होती. शेवटी टाका घालून झाला, तिथे कापसाचा घट्ट बोळा बसवला आणि डॉक्टरांनी नेहमीची सूचना दिली: दात दाबून धर, अर्धा तास बोळा काढायचा नाही, बोलायचं नाही, थुंकायचं नाही.

हे काम झाल्यावर पेशंटला बाहेरच्या बाकावर बसवायची पद्धत होती. डॉक्टरांनी तिला उठवलं नाही. हातमोजे काढले, आपलं चाकांचं स्टूल ओढून ते तिच्याजवळ बसले. मनातली सगळी जुळवाजुळव त्या कोपऱ्यावरच दोनदा संपून गेली होती, त्यामुळे जे बाहेर आलं ते सरळ आलं.

"परत येशील?"

आणि वाक्य पुरं होतं न होतं तोच जीभ जुन्या वाटेला लागली. म्हणजे, तुझं दुकान तिकडे, खोली तिकडे, आता तुझं सगळं बसलेलं, तू कशाला उगाच— इथे डॉक्टरांनी स्वतःला आवरलं. शेजारी पेशंटला चूळ भरायला ठेवलेला पाण्याचा पेला होता. तो त्यांनी उचलला आणि अर्धा स्वतःच्या तोंडात ओतला.

तिला हसू आलं, पण बोळ्यामुळे हसता येईना. ती नुसती खांद्यांनी हलली. तेवढ्यात ताईनं पुढच्या पेशंटचं विचारायला दार उघडलं. खुर्चीत बोळा धरून बसलेली ती, स्टुलावर गाल फुगवून बसलेला भाऊ, दोघं एकमेकांकडे टक लावून बघताहेत, हे तिनं पाहिलं आणि दार हळूच लावून घेतलं. बाहेर जाऊन तिनं बाकावरच्यांना सांगितलं की वेळ लागेल, आत बोलणी चालू आहेत.

अर्धा तास हा काही मोठा वेळ नव्हे. पण ज्या माणसानं जन्मात कुणाच्या उत्तराची वाट बघितलेली नाही, त्याला विचारा. पहिल्यांदा डॉक्टरांच्या मनात नकार आला. नेहमीचाच होता, दोनदा ऐकलेला, त्यामुळे तो त्यांनी बाजूला सारला. मग होकार आला. तोही आपल्याच आवाजात आहे असं लक्षात आलं, म्हणून सोडून द्यावा लागला. तिच्या तोंडावर काही वाचता येतं का ते बघितलं, तर अर्धं तोंड भुलीनं सुन्न. आपल्याला खरंच माहीत नाही, हे त्यांना तेव्हा कळलं. आठ वर्षं जिच्याशी बोललो ती काय म्हणेल हे आपल्याला माहीत नाही. पाणी त्यांनी मध्येच कधीतरी थुंकून टाकलं. आता त्याची गरज राहिली नव्हती. दातखीळच बसली होती.

वेळ झाल्यावर डॉक्टरांनी चिमट्यानं बोळा काढला. रक्त थांबलं होतं. तिनं जीभ इकडे-तिकडे फिरवून बघितली. मग जड ओठानं, तिरकं तिरकं, पण नीट कळेल असं बोलायला लागली.

"लग्नाचंही तू मला याच खुर्चीत विचारलं होतंस."

डॉक्टरांना ते आठवत होतं. विचारलं होतं आणि ती नको म्हणाली होती. इतकी वर्षं मनातल्या मनात त्या नकाराचं त्यांना थोडं वाईटही वाटत आलं होतं. तिला त्यांनी ते कधी जाणवू दिलं नव्हतं, एवढाच आपला मोठेपणा, असं ते समजत होते.

"दाढ भरत होतास," ती म्हणाली. "आरसा आत होता. म्हणालास, लग्न करून टाकू या का? मग सिमेंट दाबलंस आणि म्हणालास, जाऊ दे, या वयात लोकांना कशाला हसायला कारण, तुलाही ते आवडायचं नाही. मी तोंड मोकळं व्हायची वाट बघत होते. मला हो म्हणायचं होतं. चूळ भरून उठले, तोवर आपलं लग्न मोडलेलं होतं."

डॉक्टरांनी पेल्याकडे पाहिलं, पण उचलला नाही. नकार दिला होता तो त्यांनीच, तिच्या वतीनं, आणि मग तो मनाला लावूनही घेतला होता.

ती पुढे सांगत राहिली आणि ते ऐकत राहिले. राहायला ती येणार नव्हती. दुकानामागची खोली लहान होती, पण तिथे तिची वाक्यं पुरी होत होती, आणि हे सुख तिला एवढ्यात सोडायचं नव्हतं. दिवस कसाही जात होता. संध्याकाळ मात्र अंगावर येत होती. गिऱ्हाईकं गेली की ती भिंतीवरच्या फोटोंशी बोलायची. परवा कुणाच्या तरी पदवीच्या फोटोतल्या झग्यातल्या मुलाला तिनं अंगठा कसा कापला ते सगळं सांगितलं. तो मुलगा फार छान ऐकून घेतो, तुझ्यापेक्षा किती तरी बरा, ती म्हणाली. पण तो काही विचारत नाही.

"तू विचारायचास," ती म्हणाली. "थांबायचा नाहीस, पण विचारायचास तरी."

मग तिनं गाल चाचपला, खुर्चीत जरा सरळ झाली आणि विचारलं, "तू कसा आहेस?"

सगळ्या गावाच्या वतीनं उत्तरं देणारा तो माणूस, पण या प्रश्नाचं उत्तर त्याच्यापाशी तयार नव्हतं. हा प्रश्न तो विचारायचा, त्याला कुणी विचारत नसे. विचारायला कुणाला फट कधी सापडलीच नव्हती. डॉक्टरांनी तोंड उघडलं आणि त्यातून जे आलं ते फक्त "आं" असं होतं. ती हसली नाही. त्याचा अर्थही लावला नाही. ती थांबली.

"बरा नाही," डॉक्टर म्हणाले. आणि थोड्या वेळानं, "वर जावंसं वाटत नाही."

ती म्हणाली, मग माझ्याकडे येत जा. दुकान बंद केल्यावर. रोज नाही, मी सांगेन तेव्हा. आणि आलास की अंगठ्याला काय झालं ते विचार, ते मी अजून जिवंत माणसाला सांगितलेलं नाही.

बाहेर ताईनं दोघांना एकत्र दारातून येताना बघितलं आणि विणकामात मान घातली. तिच्या नजरेतून काही सुटलेलं नाही हे टाके ज्या वेगानं पडत होते त्यावरून कळत होतं. दाढ काढल्यावर थंड काहीतरी खायचं असतं, डॉक्टरांनी ताईला सांगितलं. बाकावरच्या दोघांना हे नवीन होतं, कारण पेशंटला आईस्क्रीम खायला घेऊन जाणारा डॉक्टर त्यांनी तोवर बघितला नव्हता. त्यांच्यापैकी एकानं आपलीही दाढ काढण्यासारखी आहे का, अशी चौकशी केली.

आईस्क्रीमचं दुकान रस्त्याच्या पलीकडे होतं. दुपारची वेळ, बऱ्यापैकी रांग होती आणि त्यांच्या मागे नेमके चपलांच्या दुकानाचे मालक उभे होते. नंबर आल्यावर डॉक्टरांनी तिला कुठलं हवं ते विचारलं. व्हॅनिला, हा शब्द दातांच्या मागे येऊन थांबला होता. आठ वर्षं ते तिच्यासाठी व्हॅनिलाच आणत आले होते, आणि तिला ते आवडतं असं त्यांना कुणी सांगितलं होतं ते आता आठवेना. त्यांनी ओठ मिटून घेतले.

ती पाटीवरची नावं वाचायला लागली. वरून खाली वाचली, मग खालून वर. काही नावांपाशी थांबली, एक बोट गालावर ठेवून विचार केला, आणि पुन्हा पहिल्या नावापाशी गेली. काउंटरमागचा मुलगा चमचा हातात धरून उभा होता. मागची रांग चुळबुळायला लागली. मालकांना राहवलं नाही. ते पुढे झुकून म्हणाले, "डॉक्टर, तुम्हीच सांगून टाका की. वहिनींना काय आवडतं ते तुम्हाला ठाऊक असेलच."

"मला नाही ठाऊक," डॉक्टर म्हणाले. "त्यांचं ठरू दे."